कागदांतून जन्मलेली प्राणिजात

कल्पित प्राणी निर्माण करणे हे साहित्यात फारसे अवघड काम नव्हे. घोड्याला पंख लावले, मानवी धडावर सिंहाचे मुख बसविले, की प्राणी तयार झाला. पुराणांनी आणि परीकथांनी असे प्राणी उदंड दिले आहेत. अवघड आहे ते प्राण्याची सबंध जात निर्माण करणे. जात म्हटली की तिला देह हवा, त्या देहाचे नियम हवेत, प्रजोत्पादनाची रीत हवी. तिची भाषा, तिचे उद्योग, तिचा इतिहास हवा. आणि या सर्व गोष्टी एकीतून दुसरी निघालेली दिसली पाहिजे. या कसोटीला उतरणारे ग्रंथ थोडे. चेक लेखक कारेल चापेक याची ‘न्यूटांशी युद्ध’ ही १९३६ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झालेली कादंबरी त्या थोड्यांपैकी एक आहे, आणि माझ्या मते त्यांत ती अग्रभागी आहे.

चापेकचे नाव आपल्याकडे अगदीच अपरिचित नाही. ‘रोबो’ हा आज सर्वतोमुखी झालेला शब्द त्याच्याच १९२० सालच्या नाटकातून जगात आला. तो शब्द मात्र त्याला सुचविला त्याचा चित्रकार भाऊ योसेफ याने. नाटकाची कीर्ती मोठी खरी, पण कलाकृती या नात्याने ही कादंबरी त्याहून फार सरस आहे. वेदरॉल दांपत्याने केलेले तिचे इंग्रजी भाषांतर १९३७ साली निघाले व इव्हाल्ड ओसर्स यांचे १९८५ साली. आपल्यासारखे बहुतेक वाचक तिला गाठणार ते या वाटांनीच.

प्रथम ‘न्यूट’ म्हणजे काय ते सांगितले पाहिजे, कारण हा प्राणी महाराष्ट्रात नाही. तो बेडकाचा दूरचा आप्त. फरक एवढाच की बेडकाची शेपटी बालपणी देहात जिरून नाहीशी होते, याची जन्मभर राहते. भारतात हे कुळ पूर्व हिमालयात व ईशान्येकडील डोंगरांत आढळते. वाचकांपैकी ज्यांची बदली दार्जिलिंगकडे झाली असेल त्यांनी तेथील डोंगरी तळ्यांत हा काळसर, खडबडीत पाठीचा, वीतभर जीव कदाचित पाहिला असेल. चापेकचा न्यूट मात्र वीतभर नाही. तो दहा वर्षांच्या मुलाएवढा आहे, मागच्या पायांवर उभा राहतो आणि त्याला हात आहेत.

हा न्यूट चापेकने हवेतून काढलेला नाही. झुरिचचा वैद्य आणि निसर्गशास्त्रज्ञ योहान याकोब शॉइख्त्सर याने १७२६ साली एका सांगाड्याचे वर्णन प्रसिद्ध केले. ओएनिंगेन येथील खाणीतल्या दगडात उमटलेला तो सांगाडा बायबलातील महाप्रलयात बुडालेल्या मानवाचा आहे, अशी त्याची श्रद्धा होती. तो ‘प्रलयाचा साक्षी मानव’ पुढे हॉलंडमध्ये हारलेमच्या टेलर संग्रहालयात गेला. १८११ साली क्यूव्हिए या फ्रेंच शास्त्रज्ञाने तेथे दगड कोरून त्याचे पुढचे पाय उघडे केले व हा मानव नसून मोठा सॅलॅमँडर आहे असे दाखवून दिले. विज्ञानाने त्याला नाव दिले ते ‘अँड्रियास शॉइख्त्सेरी’. अँड्रियास म्हणजे मानवाची प्रतिमा. माणूस समजून पुरस्कारलेला आणि जनावर म्हणून पदच्युत झालेला हा जीव चापेकने उचलला व सुमात्राच्या पश्चिमेच्या एका बेटालगत जिवंत ठेवला. प्रतिमा हा शब्द पुढे कादंबरीभर किती निरनिराळ्या अर्थांनी खरा होतो, ते वाचतानाच कळते.

योगायोग असा की ज्या १७२६ साली शॉइख्त्सरचा निबंध निघाला, त्याच साली स्विफ्टचा गलिव्हरही प्रवासास निघाला. स्विफ्टचे विवेकी घोडे आणि घाणेरडे याहू हीदेखील कल्पित जातच. परंतु गलिव्हर तेथे पोहोचतो तेव्हा तो समाज घडून पुरा झालेला असतो. प्रवाशाने पाहावे, लाजावे आणि परत यावे. वेल्सच्या ‘कालयंत्रा’तले मॉर्लॉकही असेच: आठ लक्ष वर्षांच्या इतिहासाचा केवळ शेवट आपल्याला दिसतो. चापेकने रीत उलटी केली. त्याच्या कथेत प्रवासी परक्या जातीकडे जात नाही. ती जात आपल्याकडे येते, एकेका बंदरातून, एकेका करारातून. तिचा इतिहास आपल्या डोळ्यांसमोर घडतो. आणि तो घडतो कशात, तर कागदांत. या कादंबरीचे मर्म मला येथे दिसते.

प्रारंभ साधा आहे. फान तोख हा जहाजाचा कप्तान, मूळचा चेक, मोत्यांच्या शोधात ताना मासा बेटाच्या एका खाडीत जातो. तद्देशीय लोक त्या खाडीला सैतानांची जागा मानून टाळतात. कप्तानाला तेथे सैतान दिसत नाहीत. दिसतात ते शार्क माशांनी हैराण केलेले, शिंपले उघडू पाहणारे, लहान मुलांसारखे हातांचे जीव. तो त्यांना सुऱ्या देतो, त्यांनी शिंपले उघडावे व मोती द्यावे. शार्कशी लढण्यास हत्यारे देतो, त्यांनी जगावे. या सौद्यात लबाडी नाही. उलट, म्हाताऱ्या कप्तानाचा त्या जीवांवर जडलेला लोभ हा कादंबरीतील एकमेव निर्हेतुक स्नेह म्हणावा लागेल. प्रागमध्ये तो आपला बालमित्र, उद्योगपती बाँडी, याजकडे भांडवल मागावयास जातो. दाराशी पोवाँद्रा नावाचा नोकर आहे. या खलाशाला आत सोडावे की नाही, असा क्षणभर विचार करून तो सोडतो.

पहिल्या भागाच्या अखेरीस न्यूटांच्या प्रजननावर एक शास्त्रीय परिशिष्ट जोडलेले आहे. अनेक वाचक ते गंमत म्हणून चाळतात व पुढे जातात. मला ते पुस्तकाचा कणा वाटते. जपान व चीनमधल्या खऱ्याखुऱ्या महाकाय सॅलॅमँडरांत अंड्यांचे फलन मादीच्या देहाबाहेर, पाण्यात होते, हे प्राणिशास्त्राचे सत्य आहे. चापेक या सत्याचे बोट धरून एक पाऊल पुढे जातो. त्याच्या न्यूटांत फलन घडविते ते कोणा एका नराचे बीज नव्हे, तर सर्व नरांनी मिळून पाण्यात निर्माण केलेले आम्ल. तेथे पिता कोणीच नाही. आहे तो केवळ ‘समूह-नर’. चांदण्या रात्री शेकडो नर पाण्यात उभे राहून डोलतात, आणि त्या डोलण्यात एकेकटा न्यूट विरून जातो. येथे शरीरशास्त्र संपते व राज्यशास्त्र सुरू होते. ज्या जातीत पितृत्वदेखील सामुदायिक आहे, त्या जातीला टोळीत काम करणे शिकवावे लागत नाही, हुकूम समजावून सांगावा लागत नाही. पुढे या जातीचे सैन्य होते तेव्हा आपल्याला आश्चर्य वाटत नाही. ते सैन्य त्या नृत्यातच होते. कल्पित प्राण्याचे शरीर हे शोभेचे नसून त्याच्या इतिहासाचे कारण असावे, हा धडा या लेखनप्रकाराला चापेकइतका चोख कोणी घालून दिला असेल असे वाटत नाही.

कप्तान मरतो आणि कंपनीच्या भागधारकांची सभा भरते. तिचे इतिवृत्त कादंबरीत जसेच्या तसे दिले आहे. मोत्यांचे भाव पडले आहेत. न्यूटांची संख्या मात्र वाढते आहे. बाँडी मृत मित्राविषयी आदराचे चार शब्द बोलतो, साहसाचे युग संपले असे सांगतो व सुचवितो की यापुढे मोती न विकता न्यूटच विकावे. बंदरे बांधण्यास, समुद्र हटवून जमीन करण्यास असा स्वस्त मजूर दुसरा नाही. ठराव संमत होतो. ज्या कोणी सरकारी वा खाजगी सभांची इतिवृत्ते लिहिली आहेत, त्याला हे प्रकरण वाचताना एक प्रकारचा थंड काटा अंगावर येईल, कारण भाषा अगदी हीच असते. ‘चर्चा होऊन संमत’ या तीन शब्दांत काय काय मावते, हे आपण जाणतो. पुढे न्यूटांची प्रतवारी ठरते: नायक, अवजड कामाचे, टोळीचे, किरकोळ कामाचे, गाळ, आणि पिलावळ. कापूस वा लोखंड यांच्याप्रमाणे या सहा प्रतींचे बाजारभाव छापून येऊ लागतात. बाजारभाव छापून आला की क्रौर्याचा प्रश्न उरत नाही. उरतो तो तेजी-मंदीचा.

दुसरा भाग सगळाच्या सगळा कात्रणांचा आहे. तो दारावरचा पोवाँद्रा, आपण कप्तानाला आत सोडले म्हणून हा इतिहास घडला अशा अभिमानाने, न्यूटांविषयीचे जे जे छापून येईल ते ते कापून पेटीत ठेवतो. लेखक त्या पेटीतून न्यूटांचा इतिहास रचतो. तळटिपांमागून तळटिपा, निरनिराळ्या ठशांत छापलेली कात्रणे, जाहीरनामे, अहवाल, मान्यवरांची मते! कादंबरी १९३५-३६ मध्ये ‘लिदोवे नोविनी’ या दैनिकात क्रमशः येत होती व चापेक त्याच दैनिकात काम करीत होता, हे ध्यानात घेतले म्हणजे या गमतीची धार अधिक कळते: वर्तमानपत्रात छापलेली, वर्तमानपत्रांच्या कात्रणांची कादंबरी. बिचारा पोवाँद्रा कात्रणावर पत्राचे नाव वा तारीख बहुधा घालीत नाही, आणि पेटी फार भरली की त्याची बायको गुपचूप काही गठ्ठे चुलीत सारते. दफ्तरखान्याशी संबंध आलेल्या वाचकास येथे हसू आल्यावाचून राहणार नाही. पण हसे ओसरल्यावर दुसरी गोष्ट जाणवते. एका सबंध जातीच्या गुलामगिरीचा पुरावा एका नोकराच्या छंदावर आणि त्याच्या बायकोच्या चुलीवर अवलंबून राहिला आहे. कोणाही शासनाने तो ठेवण्याची तसदी घेतलेली नाही.

या कागदांच्या ढिगात एक गोष्ट कोठेच सापडत नाही, ती म्हणजे न्यूटाचे मन. लंडनच्या प्राणिसंग्रहालयातला अँड्र्यू शॉइख्त्सर नावाचा न्यूट रखवालदाराच्या सहवासाने बोलावयास व वर्तमानपत्र वाचावयास शिकतो. विद्वानांची समिती त्याची परीक्षा घेते आणि तिला आढळते की हा वर्तमानपत्र वाचणाऱ्या कोणाही सामान्य नागरिकाइतकाच शहाणा आहे, तीच मते, तेच अज्ञान. अखेर प्रेक्षकांनी लाडाने चारलेल्या मिठाईने तो आजारी पडून मरतो. न्यूटांना गाणे नाही, खेळ नाही, स्वतःची अशी कोणतीही हौस नाही. जे उपयोगी ते ते त्यांनी माणसापासून घेतले. जे निरुपयोगी व म्हणून अमोल, ते माणसाने त्यांना दाखविलेच नाही. काही टीकाकारांना ही चापेकच्या कल्पनाशक्तीची मर्यादा वाटेल. मला तसे वाटत नाही. ज्या जातीचे चित्र केवळ खरेदीदारांच्या कागदांवरून काढावयाचे, तिला अंतरंग दिसणार कोठून? ती रिकामी जागा चापेकने बुद्धिपुरस्सर मोकळी ठेवली आहे.

फक्त एकदा तेथे काहीतरी हलते. गालापागोस बेटांवर एक चेक प्रवासी जोडपे जाते. समुद्रकाठी त्यांना एक न्यूट भेटतो आणि तो शुद्ध चेक बोलू लागतो! न्यूटांसाठी लिहिलेले चेक भाषेचे एक छोटे क्रमिक पुस्तक कोणाकडून त्याच्या हाती पडले आहे, आणि ते त्याने मुखोद्गत केले आहे. त्या भाषेत बोलावयास त्याला आजवर कोणी भेटलेले नाही. तो प्रागविषयी विचारतो. १६२० सालच्या व्हाइट माउंटनच्या पराभवाविषयी आणि त्यानंतरच्या तीनशे वर्षांच्या पारतंत्र्याविषयी कळवळ्याने विचारतो. त्या जोडप्याला कौतुक वाटते, थोडी लाजही वाटते, आणि मग ते आपल्या वाटेने निघून जाते. चापेक येथे आपल्याच देशबांधवांच्या दुःखाभिमानाला चिमटा घेत आहे, हे उघड आहे. परंतु स्वभाषेच्या प्रदेशापासून दूर राहून, महिन्याकाठी येणाऱ्या एका मासिकावर ती भाषा जिवंत ठेवणाऱ्या आपल्यासारख्यांना हे प्रकरण केवळ चिमटा म्हणून वाचता येत नाही. व्यवहारासाठी न्यूट मोडके इंग्रजी शिकतात, कारण त्यात त्यांचे भाव ठरतात. जगात ज्या भाषेचा त्याला काडीइतका उपयोग नाही ती भाषा शिकणारा हा एकच न्यूट, आणि साऱ्या कादंबरीत ज्याला मन आहे असे वाटते तोही हाच. त्याचे पुढे काय झाले, ते चापेक सांगत नाही.

या कादंबरीतले न्यूट म्हणजे नात्सी, अशी एक सोयीस्कर किल्ली पुष्कळांनी लावली आहे. तिला आधार नाही असे नव्हे. बाल्टिक समुद्रातला न्यूट इतरांपेक्षा गौरवर्ण, ताठ चालणारा व श्रेष्ठ असून, तो मूळ सांगाडा जर्मन भूमीत सापडला म्हणून जर्मनी हीच न्यूटांची आद्यभूमी, असे सिद्ध करणारे जर्मन पंडित कादंबरीत आहेत. आणि १९३६ साली प्रागमध्ये बसून असे लिहिणे हे धैर्याचे काम होते. पण त्याच पुस्तकात अमेरिकेतला जमाव न्यूटांना जाळून मारतो, तेव्हा ते कोण असतात? किनाऱ्याकिनाऱ्याने पळवून, कोंडून, टाक्यांत भरून त्यांना विकले जाते, तेव्हा ते कोण असतात? नॉर्मंडीच्या बागांतली सफरचंदे चोरली म्हणून शेतकरी त्यांच्यावर गोळ्या झाडतात, तेव्हा? किल्ली एकच असती तर तिने सर्व कुलुपे उघडली असती. न्यूट एका जागी गुलाम आहेत, दुसऱ्या जागी मजूर, तिसऱ्या जागी वंशगर्वाचे निशाण. त्यांना ज्याने ज्या कागदावर नोंदविले त्याप्रमाणे ते झाले. शॉइख्त्सरनेही दगडातल्या हाडांत आपल्याला हवा तो मानव वाचला होता.

दोष दाखवावयाचे तर ते आहेत. हॉलिवुडच्या नटीचे व तिच्या नौकेवरील मंडळींचे प्रकरण लांबलेले आहे, आणि त्यातला विनोद स्वस्त आहे. स्त्रिया या कादंबरीत एक तर नटी, एक तर शाळा काढणारी परोपकारी बाई, नाही तर कात्रणे जाळणारी गृहिणी. चापेकने त्यांजकडे नीट पाहिलेलेच नाही, आणि न्यूटांच्या माद्यांना तर परिशिष्टापलीकडे अस्तित्व नाही. कप्तान फान तोखची बंदराबंदरांवर वेचलेली खिचडी बोली मूळ चेकमध्ये फार रसाळ आहे असे जाणकार सांगतात. भाषांतरात तिचा रस पुष्कळ आटतो. हे दोष क्षम्य आहेत. शेवटच्या प्रकरणातला एक दोष मात्र मला बोचतो, त्याकडे वळतोच.

तिसऱ्या भागात युद्ध आहे, पण रणांगण फारसे नाही. न्यूटांना उथळ पाणी हवे, म्हणजे किनारे हवेत. जगातले किनारे संपत आले, तेव्हा ते जमीन फोडून नवे किनारे करू लागतात. लुइझियानाचा भूभाग खचतो. त्यानंतर आकाशवाणीवरून न्यूटांचा अधिनायक घोगऱ्या आवाजात निवेदन करतो. त्यात शिवी नाही, धमकीही जवळजवळ नाही. आम्हांस आपल्याशी वैर नाही, आम्हांस केवळ अधिक जागेची गरज आहे, अमुक अमुक प्रदेश रिकामे करावे, अशा आशयाचा तो मजकूर आहे; आणि तो संपल्यावर श्रोत्यांसाठी संगीताचा कार्यक्रम! भूसंपादनाच्या नोटिशीचा मसुदा ज्याने कधी केला असेल त्याला या निवेदनाची शैली ओळखीची वाटेल. न्यूटांनी माणसाची बंदूक उचलली हे भयंकर खरेच, पण त्यांनी माणसाचा मसुदा उचलला हे मला अधिक भयंकर वाटते.

आणि माणसे काय करतात? ती करार पाळतात. न्यूटांना स्फोटके पुरविणारे कारखाने स्फोटके पुरवीत राहतात, अन्न पुरविणारे अन्न पुरवीत राहतात, कारण पुरवठा थांबविला तर कारखाने बंद पडतील व दुसरे राष्ट्र तो धंदा बळकावील. एक अनामिक पत्रककार ‘हे थांबवा’ म्हणून टाहो फोडतो. त्याच्या पत्रकावर साधकबाधक मते छापून येतात. अखेर व्हाडुझ येथे, न्यूट पोहोचू नयेत म्हणून आल्प्सच्या डोंगरात, परिषद भरते. न्यूटांच्या बाजूने बसतात ते मानवी वकील! तेथे कोणाचा प्रदेश पाण्याखाली द्यावा याची घासाघीस चालते आणि चीनचे नाव पुढे येते. चीनच्या प्रतिनिधीचा निषेध कोणाच्या खिजगणतीत नसतो. हे लिहिल्यानंतर दोन वर्षांनी, सप्टेंबर १९३८ मध्ये, म्युनिक येथे खरोखरीची परिषद भरली आणि चापेकच्याच देशाचे लचके त्या देशाला टेबलाशी न बसविता तोडून देण्यात आले. त्याच वर्षी २५ डिसेंबरला चापेक वारला. वय अवघे अठ्ठेचाळीस. भाऊ योसेफ पुढे बेर्गेन-बेल्सेनच्या छावणीत १९४५ साली संपला.

अखेरच्या प्रकरणात लेखक स्वतःशीच बोलतो: हे असे का होऊ दिलेस, काही उपाय नाही का? तेथे कळते की न्यूटांचा अधिनायक हा मुळी न्यूटच नव्हे. तो माणूस आहे, महायुद्धात लष्करात साधा हुद्देदार असलेला. मला बोचणारा दोष तो हाच. बर्लिनमधील एका व्यक्तीकडे केलेले हे बोट त्या काळी टाळ्या घेऊन गेले असेल, पण त्याने सबंध कादंबरीचा तोल क्षणभर ढळतो. जी आपत्ती हजारो निरपराध सह्यांनी आली असे तीन भाग दाखविले, तिला शेवटच्या पानांवर एक खलपुरुष देऊन टाकणे म्हणजे सर्व सह्या करणाऱ्यांना मोकळे सोडणे आहे. त्यापुढे न्यूटांच्या दोन राष्ट्रांत आपसांत युद्ध होऊन ती जात नष्ट होईल, असा एक तोडगाही लेखकाचा आतला आवाज सुचवितो. लेखकाचा त्यावर विश्वास बसलेला दिसत नाही, आणि आपलाही बसत नाही.

माझ्यापुरती ही कादंबरी त्याच्या आधीच्या प्रकरणात संपते. पोवाँद्रा आता म्हातारा झाला आहे. प्रागला समुद्र नाही, तेव्हा आपण सुरक्षित, असे समजून तो मुलाबरोबर व्ल्तावा नदीवर गळ टाकून बसला आहे. गप्पा चालल्या आहेत. कोठकोठले देश बुडाले त्याचे हिशेब चालले आहेत. तेवढ्यात पाण्यावर एक काळे डोके दिसते, प्रवाहाविरुद्ध सावकाश वर सरकणारे. म्हाताऱ्याला थरथर सुटते. त्याला घरी नेऊन निजवावे लागते, आणि तो एकच गोष्ट पुनःपुन्हा म्हणत राहतो: त्या कप्तानाला मी दारातूनच परत पाठविले असते, तर हे झाले नसते. मुलगा त्याची समजूत घालतो. बाँडी, भागधारक, कारखानदार, वकील, मुत्सद्दी या सर्वांच्या कागदांत ‘माझी चूक’ हे शब्द कोठेच नाहीत. ते उच्चारणारा एकटा हा दारावरचा नोकर, ज्याने कोणत्याच कागदावर सही केली नव्हती.